दुपारी न वाजलेला भोंगा

मी एक जुना भोंगा आहे. विजेवर चालणारा नव्हे, हाताने फिरवायचा. बंदराच्या जुन्या कचेरीच्या गच्चीवर तीन लोखंडी पायांवर मी उभा आहे. मित्रांनो, तुम्ही सहलीला येता तेव्हा बहात्तर पायऱ्या चढून, धापा टाकत माझ्यापाशी पोहोचता, माझ्या तांबड्या रंगावरून हात फिरवता आणि शेजारी उभे राहून फोटो काढता. माझ्याबद्दल तुम्हाला जे सांगितले जाते ते मीही ऐकत असतो. आज थोडे माझ्याकडून ऐका. गोष्ट गोड नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

माझा जन्म एका ओतकामाच्या कारखान्यात झाला. युद्धाआधी तिथे पिठाच्या गिरण्या बनत. युद्ध सुरू झाले, पुरुष लढाईवर गेले आणि साच्यांपाशी बायका उभ्या राहिल्या. माझ्या पोटात दोन डबे आहेत, एकात एक बसवलेले. दोन्हींना उभ्या फटी आहेत. बाहेरचा डबा जागचा हलत नाही. हँडल फिरवले की आतला गरगर फिरतो, फटींतून हवा तुटत तुटत बाहेर पडते, आणि तोच माझा आवाज. ज्या बाईने मला जोडले तिने पहिल्यांदा हँडल फिरवले आणि लगेच दोन्ही हात कानांवर ठेवले. असा ओरडतोय की मेलेला माणूसही उठून बसेल, असे ती म्हणाली. शेजारणी हसल्या. ते मला मिळालेले पहिले कौतुक. मी फार फुशारून गेलो होतो.

या गच्चीवर मला बोल्ट मारून बसवले आणि माझ्या सोबतीला एक माणूस दिला. आकाशावर नजर ठेवायची, आणि किनाऱ्यावरच्या चौकीतून टेलिफोन आला की मला फिरवायचे, हे त्याचे काम. त्याचे कान इतके तिखट होते की बाकीच्यांना माशी घोंघावते आहे असे वाटायचे तेव्हा याला विमान ओळखू यायचे. म्हणून गोदीतले कामगार त्याला कानसेन म्हणत. तो माझ्या आतल्या दातेरी चाकांना तेल घालायचा, समुद्राचे खारे पाणी अंगावर सुकले की ओल्या फडक्याने पुसायचा. त्याची बायको खाली तिसऱ्या धक्क्यावर फाटकी पोती शिवायची. त्यांची मुलगी सात वर्षांची होती. ती रोज दुपारी शाळेतून येताना आईकडून डबा घ्यायची आणि जिना चढून बापाला आणून द्यायची.

दीड वर्ष मी इमानाने काम केले. मी ओरडलो की खालची माणसे हातातले टाकून खंदकात आणि तळघरांत पळत. दोनदा खरोखरच बॉम्ब पडले, पण माणसे वाचली. त्या दिवसांत लोक गच्चीकडे बघून कानसेनला हात करत. तोही वरून हात हलवी. ही त्यांची रोजची पद्धत झाली होती. तिचे पुढे काय झाले तेच आता सांगतो.

एका आठवड्यात तीन वेळा चौकीतून इशारा आला, तिन्ही वेळा मी वाजलो आणि तिन्ही वेळा काही आले नाही. प्रत्येक वेळी काम चार-चार तास बंद पडले. बंदराचा मुख्य अधिकारी, ज्याला सगळे बडे साहेब म्हणत, तो त्यामुळे धुमसत होता. तिसऱ्या धक्क्याला दारूगोळ्याचे जहाज लागले होते आणि ते दुपारी दोनच्या भरतीला निघायलाच हवे, असा त्याला वरून हुकूम होता. त्या दिवशी भर दुपारी काम कुठवर आले ते बघायला तो स्वतः गच्चीवर आला होता. मुलगी नुकतीच डबा घेऊन पोहोचली होती. कानसेनने डबा अजून उघडलाही नव्हता. तेवढ्यात टेलिफोन वाजला.

कानसेनने ऐकले, फोन ठेवला आणि माझे हँडल धरले.

"साहेब, सहा आहेत. इकडेच येताहेत."

"हात काढ," साहेब म्हणाला.

"साहेब, खाली पाचशे माणसं आहेत."

"आणि ती पळाली तर जहाज कोण भरणार? दोन वाजता भरती आहे. आज ते निघालं नाही तर उद्या या खुर्चीवर मी नसेन. गेल्या आठवड्यात तीनदा ओरडलास, काय आलं? आजही पुढे निघून जातील."

कानसेनने हात काढला नाही. मग साहेबाने एक गोष्ट केली. माझे हँडल एका पिनेवर बसलेले असते. त्याने पिन ओढली, हँडल उपसले, कोटाच्या आत घातले आणि शांतपणे जिना उतरून गेला. त्याच्याकडे पिस्तूल होते, कानसेनकडे नव्हते.

मित्रांनो, हँडल नसलेला भोंगा म्हणजे नुसता पत्र्याचा डबा. कानसेनने माझ्या फटींत बोटे घालून आतला डबा फिरवायचा प्रयत्न केला. त्याची बोटे सोलवटून निघाली, रक्त माझ्या पोटात ठिबकले, आणि माझ्यातून कसाबसा एक आवाज निघाला. मांजर आळस देताना करते ना, तेवढाच. मग त्याने मुलीला पाण्याच्या टाकीखाली ढकलले, तिथून हलू नकोस म्हणून दरडावले आणि कठड्यापाशी धावला. तो बेंबीच्या देठापासून ओरडत होता. पण खाली क्रेन चालू होत्या, साखळ्या खडखडत होत्या. त्याने अंगातला सदरा काढला आणि दोन्ही हातांनी हलवायला लागला.

खालच्या माणसांनी वर पाहिले. कानसेन आज भलताच खुशीत आहे असे त्यांना वाटले असावे. त्यांनीही हात हलवले. तिसऱ्या धक्क्यावर त्याची बायको पोत्यांच्या ढिगावर बसली होती. तिने सुई पोत्यात खोचली, मान वर केली आणि तिनेही हात हलवला.

पहिला बॉम्ब जहाजाशेजारी पाण्यात पडला. दुसरा जहाजावर पडला. पुढचे मी सांगणार नाही. दारूगोळा भरलेल्या जहाजाचे काय होते ते तुम्हाला कळते. एकशे चौदा माणसे गेली. तिसरा धक्का आज तुम्हाला दिसतो तो नवा बांधलेला आहे, जुन्याचा एक दगडही उरला नाही.

कानसेन जिना उतरून धावत गेला तो परत माझ्यापाशी आलाच नाही. तो गेल्यावर साहेब वर आला. गच्चीवर धूर दाटला होता. त्याने कोटातून हँडल काढले, जागेवर बसवले, पिन घातली, हात रुमालाला पुसले आणि गेला. टाकीखालच्या पोरीने त्याचे बूट पाहिले. त्याने पोरीला पाहिले नाही.

आठवड्याभराने चौकशी झाली. भोंगा का वाजला नाही, हे तर कोणाला तरी विचारायलाच हवे होते. साहेबाने लिहून दिले होते की पहारेकरी झोपला होता. कानसेनला तोपर्यंत कोठडीत घातले होते. त्याने सांगितलेले कोणी कागदावर घेतले नाही, आणि फोन करणाऱ्या चौकीला किंवा त्याला सदरा हलवताना पाहिलेल्या कामगारांना कोणी विचारलेही नाही. हँडल तर जागेवरच होते. मग चौकशीचे अधिकारी गच्ची बघायला आले, सोबत एक कारकून होता, आणि मुलीलाही आणले होते. ज्या मावशीने तिला घरी नेले होते ती जिन्यापाशी उभी होती. साहेबही होता.

चौकशी अधिकारी प्रेमळ दिसत होता. तो मुलीपुढे उकिडवा बसला. तिला एक लिमलेटची गोळी दिली. आईबद्दल हळहळ दाखवली. मग विचारले, "बाळ, जेवल्यावर तुझे बाबा काय करतात?"

मुलीला शाळेत खरे बोलायला शिकवले होते. ती म्हणाली, "जेवल्यावर बाबा झोपतात."

"रोज?"

"घरी असले की रोज."

कारकुनाने लिहिले. 'घरी असले की' हे शब्द त्याने लिहिले नाहीत. मी त्याच्या शेजारीच उभा होतो, मला कागद दिसत होता. मुलगी पुढे सांगायला लागली की त्या दिवशी बाबा जेवलेच नव्हते, आणि साहेबांनी... पण अधिकारी तोवर उठला होता. शाबास, झाले तुझे काम, असे म्हणून त्याने तिच्या डोक्यावर थोपटले. जेवणाचा डबा अजून कोपऱ्यात पडला होता, झाकण लागलेला, आठ दिवसांचा. वास येतो म्हणून त्याने तो बुटाने बाजूला सारला. उघडून कोणी पाहिला नाही.

कानसेनला सहा वर्षांची शिक्षा झाली.

युद्ध संपले. काही वर्षे माझा उपयोग कामाची पाळी सुरू झाल्याचे सांगायला केला, मग विजेचा भोंगा आला आणि मला सगळे विसरले. पाऊस, खारा वारा, कबुतरे. माझा एक पाय गंजून तिरका झाला. त्या काळाबद्दल माझी तक्रार नाही, कारण तेव्हा निदान कोणी माझ्याबद्दल काही बोलत नव्हते.

पुढे कचेरीचे संग्रहालय झाले. खालच्या दालनात बड्या साहेबाची मोठी तसबीर लागली, ती त्याच्या घरच्यांनीच दिली होती. मला खरवडून तांबडा रंग दिला, चाकांत तेल घातले, नवा पाय बसवला. आता दर सहा महिन्यांनी माझी तपासणी होते. माझी निगा फार उत्तम राखतात, यात शंका नाही. आणि दर रविवारी 'युद्धकाळातले बंदर' ही पायी सहल निघते. गाइड नारिंगी छत्री उंच धरून पुढे चालतो. आधी तळघर, मग भिंतीवरचे गोळ्यांचे व्रण, मग जुने इस्पितळ, आणि सगळ्यात शेवटी गच्ची. शेवटचा थांबा हसरा असावा, म्हणजे लोक खुशीत घरी जातात, असे सहल चालवणाऱ्या कचेरीचे म्हणणे. म्हणून इथे एक छोटे नाटक करतात. ज्याचे त्याचे संवाद छापलेले, प्लास्टिकचा थर दिलेले पत्ते वाटले जातात. एक पाहुणा झोपाळू पहारेकरी होतो, तोंडावर टोपी घेऊन बाकावर आडवा पडतो आणि घोरतो. एक जण बडे साहेब होऊन त्याला गदागदा हलवतो. आणि कोणीतरी मुलीचे वाक्य वाचते. त्या वाक्याला सगळ्यात मोठा हशा येतो. मी अकरा वर्षे तो हशा ऐकला.

मागच्या वर्षी एका रविवारी एक म्हातारी बाई सहलीला आली. सोबत तिची नात होती, शाळेत चित्रकला शिकवणारी. आजीचे बालपण याच बंदरात गेले, एवढेच नातीला ठाऊक होते. तेवढ्यावरून तिने वाढदिवसाची भेट म्हणून ही सहल ठरवली होती. आजी नको म्हणाली होती, पण का नको ते तिने सांगितले नव्हते, आणि नातीला वाटले की जिन्याला घाबरते. प्रत्येक वळणावर थांबत आजी वर आली. सगळे माझ्याकडे आले. ती मात्र पाण्याच्या टाकीपाशी गेली आणि तिने वाकून टाकीखाली पाहिले. तेव्हा मी तिला ओळखले.

गाइड तरुण होता, बोलका, मनाने वाईट नव्हता. त्याने पत्ते वाटले. मुलीचे काम आपल्यातल्या सगळ्यात लहान व्यक्तीला, असे म्हणत त्याने तो पत्ता मुद्दाम आजीच्या हातात ठेवला. लोक हसले. नातही हसली. बाकावर एक जाडसा गृहस्थ घोरू लागला. साहेब झालेल्या बाईने त्याला हलवले. मग सगळे आजीकडे वळले.

"आजी, जरा लाडात म्हणा हं," गाइड म्हणाला. "सात वर्षांची पोर आहे ती."

आजीने चष्मा लावला. पत्ता डोळ्यांजवळ नेला. ती तो तसाच धरून उभी राहिली. गाइडला वाटले अक्षरे लहान आहेत, म्हणून त्याने हळूच वाक्य सांगितले. आजी म्हणाली, "मला पाठ आहे." मग तिने ते वाक्य वाचले, अगदी सपाट आवाजात, आणि पुढे म्हणाली, "हे मी म्हटलं होतं. मीच ती."

लोकांना तो नाटकाचाच भाग वाटला. त्यांनी टाळ्या वाजवल्या.

टाळ्या थांबेपर्यंत ती उभी राहिली. मग तिने सांगितले. टेलिफोन, हँडल, कोट, सदरा. आईने हलवलेला हात तिने टाकीखालून पाहिला नव्हता, तो तिला बापाने नंतर पत्रातून सांगितला. बाकावरचा गृहस्थ उठून बसला आणि टोपीचे काय करावे ते न कळून ती हातात फिरवत राहिला. नातीने आजीचा दंड धरला होता. ती हे सगळे पहिल्यांदाच ऐकत होती.

गाइडने विचारले की इतकी वर्षे तुम्ही कोणाला कसे बोलला नाहीत.

"बोलले," आजी म्हणाली. "मावशीला बोलले. आई तिची सख्खी बहीण. बापाला वाचवायला खोटं बोलतेस म्हणून तिने माझ्या थोबाडीत दिली. मग शाळेत बाईंना बोलले. त्यांनी मावशीला सांगितलं, मावशीने परत दिली. मग नाही बोलले."

कानसेनचे पुढे काय झाले तेही मला त्या दिवशीच कळले. सहा वर्षांनी तो सुटला आणि मावशीच्या दारात उभा राहिला. मावशीने त्याला उंबरा ओलांडू दिला नाही. माझी बहीण झोपेत मारलीस, आता पोरगी न्यायला आलास, असे ती म्हणाली. मुलगी तेव्हा तेरा वर्षांची. ती मावशीच्या पाठीमागे उभी होती, आणि तिची बापाकडे बघायची हिंमत होत नव्हती. त्याला ते कळले असावे. जाताना तो मावशीला ओलांडून मुलीशी बोलला. "तू खोटं बोलली नाहीस. त्यांनी जेवढं विचारलं तेवढंच सांगितलंस." एवढे बोलून तो गेला. कुठल्याशा मिठागरावर काम करायचा. कधीतरी आईबद्दल दोन ओळींचे पत्र यायचे. दोन वर्षांनी तिथेच वारला. कळवायला कोणी आले नाही, मुलीने त्याला पाठवलेले पत्र परत आले तेव्हा कळले.

आजीचे सांगून झाले. तेवढ्यात एका तरुणीने अगदी नम्रपणे विचारले की त्या पत्त्यासकट तुमचा एक फोटो काढू का. आजीने पत्ता गाइडला परत दिला आणि जिन्याकडे वळली.

गाइडने पुढच्या रविवारी नाटक केले नाही. त्याने आजीने सांगितलेले सांगितले. लोक हसले नाहीत, आणि खाली गेल्यावर काहींनी कचेरीत नाराजी लिहून ठेवली की सहलीचा शेवट उगाच जड केला. संग्रहालयाच्या समितीने गाइडला बोलावून समज दिली की कागद आहे तो अहवालाचा आहे, आठवणीचा कागद नसतो. तरी तो आणखी दोन रविवार खरे तेच सांगत राहिला. चौथ्या रविवारी नारिंगी छत्री दुसऱ्याच माणसाच्या हातात होती. पत्ते परत आले, नवे छापलेले, मोठ्या अक्षरांत.

मग आजी येऊ लागली. दर रविवारी, नातीला घेऊन, सगळ्यांसारखी सहलीत नाव घालून. नाटक सुरू झाले की ती हात वर करायची आणि म्हणायची, हे खरे नाही. तीन रविवार असे झाले. चौथ्या रविवारी जिन्याच्या तोंडाशी पाटी लागलेली होती. सुरक्षेच्या कारणास्तव सत्तर वर्षांवरील व्यक्तींना गच्चीवर प्रवेश नाही. संग्रहालयाच्या पहारेकऱ्याने हात जोडले, माझा नाइलाज आहे म्हणाला. त्याची आई आजीच्याच वयाची होती, हेही त्याने सांगितले. पण त्याने सोडले नाही.

तेव्हापासून ती खाली, रस्त्यापलीकडे, घडीची खुर्ची टाकून बसते. तिथे बसायला कोणी मनाई करू शकत नाही. मी तिला वरून पाहतो. सहल उतरते, हसत हसत, कोणाच्या हातात अजून टोपी असते. आजी उठून उभी राहते आणि सांगायला लागते. बहुतेकांची बस लागलेली असते. काही जण मान डोलावतात आणि चालू लागतात. एक-दोघे थांबतात. एकदा एक अख्खा वर्ग थांबला होता, वीसेक मुले, आणि त्यांच्या बाई घड्याळ बघत असूनही मुले हलेनात.

मित्रांनो, या वर्षी तिला खोकला झाला आहे. नात शेजारी उभी राहून तिची वाक्ये मोठ्याने सांगते, पण नात नेहमी येऊ शकत नाही. जुन्या वस्तूने शेवटी काहीतरी मागायचे असते. रंग, तेल, नवा पाय, सगळे मला वेळेवर मिळते, तेव्हा त्यातले काही मी मागत नाही. वर आलात तर मला फिरवून बघा हवे तर, मुलांना गंमत वाटते. तो पत्ता हातात आला तर मात्र वाचू नका, परत द्या. आणि जिना उतरलात की बसकडे पळू नका. रस्ता ओलांडा, खुर्चीपाशी जा. तिचा आवाज आता लांब जात नाही. अगदी जवळ उभे राहावे लागेल.